समुद्रातले तरंगते विषाणू


आजचा शब्द जरा अवघड आहे – व्हायरिओप्लँक्टन.
पुन्हा सांगते, व्हायरिओप्लँक्टन.

प्लँक्टन म्हणजे पाण्याबरोबर वाहत जाणारे जीव.
त्यांच्यासोबत वाहणारे विषाणू, ते व्हायरिओप्लँक्टन.
हे नाव एकट्यादुकट्या विषाणूचं नाही, साऱ्या समूहाचं आहे.

चमचाभर समुद्राच्या पाण्यात हे विषाणू कोटींनी असू शकतात.
१९८९ साली नॉर्वेतल्या संशोधकांनी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली ते मोजले.
तेव्हा कुठे ही गर्दी जगाच्या लक्षात आली!

घाबरू नका हं!
यातले बहुतेक माणसाच्या वाटेला जात नाहीत.
ते गाठतात जिवाणूंना.
जिवाणूच्या आत शिरतात…
तिथेच वाढतात…
आणि त्याला फोडून बाहेर पडतात.
फुटलेल्या जिवाणूतली पोषकद्रव्यं पाण्यात मिसळतात.
त्यांवर दुसरे जिवाणू पोसले जातात.