जिमी क्लिफ आणि त्याचा इव्हान



डब्लिन नगरीत विंडमिल लेन नावाची गल्ली आहे. तेथल्या ध्वनिमुद्रणगृहात यू-टू या आयरिश तरुणांच्या वाद्यवृंदाने १९८० साली आपली पहिली दीर्घ तबकडी मुद्रित केली. ती प्रसिद्ध करणारी आयलंड ही पेढी मात्र क्रिस ब्लॅकवेलने १९५९ साली जमैकात काढलेली. आणि याच ब्लॅकवेलने साठीच्या दशकात ज्या जमैकन गायकाला लंडनला नेले, त्या जिमी क्लिफविषयी आज बोलायचे आहे.

जेम्स चेंबर्स हे त्याचे पाळण्यातले नाव. सेंट जेम्स परगण्यात १९४४ साली जन्मलेला हा मुलगा कोवळ्या वयात किंग्स्टनला आला, आणि लेस्ली काँग या चिनी वंशाच्या दुकानदारापुढे उभा राहून त्याने दुकानाचेच नाव ओवून रचलेले गाणे म्हणून दाखवले. परिणाम असा झाला की काँगने तबकड्या काढण्याचा धंदाच आरंभला.

पुढे १९७२ साली दिग्दर्शक पेरी हेन्झेलने ‘द हार्डर दे कम’ हा चित्रपट काढला आणि नायकाची भूमिका क्लिफला दिली. पोलिसांच्या गोळ्यांनी १९४८ साली मारल्या गेलेल्या ऱ्हायगिंग नामक गुन्हेगाराची छाया या कथेवर आहे. परंतु नायक इव्हान हा खेड्यातून गायक व्हायला आलेला तरुण आहे. त्याच्या गाण्याचे निर्माता हिल्टन वीस डॉलर देऊ करतो, तेव्हा इव्हान ताठ मानेने नकार देतो, तबकडी स्वतःच खपवू पाहतो, सगळी दारे हिल्टनच्याच हुकमतीखाली असल्याचे कळल्यावर परत येतो आणि तेच वीस डॉलर मुकाट्याने घेतो. पुढच्या गोळीबारापेक्षा मला हा प्रसंग अधिक दारुण वाटतो. कारण या बाजारात वयाच्या पंधराव्या वर्षाच्या आगेमागेच उतरलेल्या क्लिफला तेथे अभिनयाची फारशी तजवीज करावी लागली नसावी. संवाद इतक्या अस्सल जमैकन बोलीत आहेत की अमेरिकेत इंग्रजी चित्रपटाला इंग्रजीच अक्षरे खाली द्यावी लागली!

आपल्याकडे प्रभातच्या ‘संत तुकाराम’मध्ये १९३६ साली विष्णुपंत पागनीस तुकाराम झाले, आणि त्यानंतर तुलसीदास, नरसी भगत अशा भूमिका करूनही लोकांच्या लेखी तुकारामच राहिले. क्लिफचे तेच झाले, फरक इतकाच की त्याच्या वाट्याला संताऐवजी फरारी आला. चित्रपटातील गाण्यांच्या तबकडीने रेगे संगीत इंग्लंड-अमेरिकेत घरोघरी पोचवले. पण पीक कापण्याच्या वेळी क्लिफ आयलंड सोडून दुसऱ्या कंपनीत रुजू झालेला होता, आणि ब्लॅकवेलने आपले द्रव्य व लक्ष बॉब मार्ली व त्याच्या साथीदारांवर लावले. क्लिफच्या त्या निर्णयाला अव्यवहारी ठरवणे आज सोपे आहे. पण मार्लीचा मार्ली होईल हे तेव्हा कोणाच्या दप्तरी नोंदलेले होते?

नंतरच्या ‘क्लब पॅरडाइज’मध्ये, १९८६ साली, रॉबिन विल्यम्स आणि पीटर ओ’टूल यांच्यासारखी मातब्बर मंडळी भोवती असूनही चित्रपट उथळ निघाला, त्यावर अधिक वेळ घालवण्याचे कारण नाही. बर्फावरच्या घसरगाडीच्या शर्यतीत उतरलेल्या जमैकन खेळाडूंवरील ‘कूल रनिंग्ज’ १९९३ साली आला, आणि त्यासाठी क्लिफने जॉनी नॅशचे जुने गीत पुन्हा गायिले, जे अमेरिकेतील खपाच्या पहिल्या वीस गाण्यांत जाऊन बसले. त्या चित्रपटात त्याला भूमिका नाही, ऐकू येतो तो केवळ त्याचा आवाज. आणि इव्हाननंतरच्या त्याच्या चित्रपटकार्यात मी या आवाजालाच अग्रस्थान देईन.