ग्रुपमधून वगळलं की एवढं का लागतं?

आजचा एपिसोड छोटा आहे.

सगळे मित्र ट्रेकला गेले आणि आपल्याला ते कळलं त्यांच्या स्टोरीवरून. आत काहीतरी टोचतं ना? वर घरचे म्हणतात, "एवढं काय मनाला लावून घेतोस!" हे टोचणं मेंदूत कुठे होतं, ते बघू.

2003 साली अमेरिकेत नाओमी आयझेनबर्गर, मॅथ्यू लीबरमन आणि किपलिंग विल्यम्स यांचा एक प्रयोग प्रसिद्ध झाला. माणसाला एमआरआय मशीनमध्ये झोपवून स्क्रीनवर साधा गेम दिला. तीन खेळाडू, एक बॉल, एकमेकांकडे टाकायचा. बस्स! थोड्या वेळाने बाकीचे दोघं आपापसातच खेळायला लागले. याच्याकडे बॉल येईचना. खरं तर ते दोघं म्हणजे कॉम्प्युटरच होता, पण याला ते माहीत नव्हतं.

तेव्हा मेंदूत अँटीरियर सिंग्युलेट कॉर्टेक्स नावाचा भाग जास्त सक्रिय झाला. शरीराला दुखतं तेव्हाही हा भाग कामाला लागतो. ज्यांना जास्त वाईट वाटलं, त्यांच्यात तो जास्त सक्रिय दिसला.

गंमत पुढे आहे. 2004 च्या एका प्रयोगात काही जणांना आधीच सांगितलं, की समोर कॉम्प्युटर आहे. तरी त्यांना लागलंच!

आता याचा अर्थ मोडलेलं हाड आणि दुखावलेलं मन मेंदूला सेम वाटतं, असा काढू नका. दोन्हींचे पॅटर्न वेगळे ओळखता येतात, हे 2014 मध्ये दाखवलं गेलंय. पण त्रास खरा असतो, एवढं नक्की.

असं का असावं? माणसाचं बाळ कितीतरी वर्षं दुसऱ्यांच्या आधारावर जगतं. एकटं पडणं म्हणजे जिवाला धोका. म्हणून मेंदूचा हा अलार्म फार हळवा असतो, असं या संशोधकांचं म्हणणं.

आणि हळवा अलार्म कधीकधी उगाचही वाजतो. म्हणून मैत्री संपली असं ठरवण्याआधी सरळ विचारा, "अरे, मला का नाही सांगितलं?"

दुसरं म्हणजे, आपण कोणाकडे बॉल टाकत नाही, तेही बघा. ग्रुपवर जिच्या मेसेजला कोणीच रिप्लाय देत नाही, ती. हॉस्टेलच्या मेसमध्ये रोज एकटा जेवणारा, तो. "चल, इकडे बस," एवढं म्हणायला किती वेळ लागतो?

आज एकाला तरी म्हणून बघा. भेटू पुढच्या एपिसोडमध्ये!