न शिवलेली धमनी

एका माणसाचे फुप्फुस दुसऱ्याच्या छातीत बसवावयाचे म्हटले की ऐकणाराच्या मनात पहिली शंका येते ती परकेपणाची. शरीर हे उसने इंद्रिय आपले म्हणून स्वीकारील काय, ही ती शंका. ती रास्तच आहे. परंतु फुप्फुसरोपणाचा इतिहास पाहिला तर जवळजवळ वीस वर्षे या शस्त्रक्रियेची वाट अडवून धरली ती निराळ्याच, वरवर पाहता अगदी साध्या वाटणाऱ्या गोष्टीने. ती गोष्ट म्हणजे दोन नळ्यांचा सांधा.

फुप्फुस बसविताना प्रत्येक बाजूस तीन सांधे करावे लागतात. श्वासनळी छातीत उतरल्यावर तिला डावी-उजवी अशा दोन शाखा फुटतात. त्यांतली एक शाखानळी दात्याच्या शाखानळीला जोडावयाची, हा पहिला सांधा. हृदयाकडून अशुद्ध रक्त आणणारी फुप्फुस-धमनी जोडावयाची, हा दुसरा. शुद्ध झालेले रक्त परत नेणाऱ्या दोन शिरा एकेक करून न शिवता, हृदयाच्या डाव्या वरच्या कप्प्याच्या भिंतीचा जो तुकडा त्यांच्यासह दात्याकडून काढलेला असतो, तोच रोग्याच्या त्याच कप्प्याला जोडावयाचा, हा तिसरा. शाखानळी सर्वांत मागे असते, म्हणून बहुधा तिच्यापासून आरंभ करतात.

रक्तवाहिन्यांच्या सांध्यांचे कोडे फार पूर्वीच सुटले होते. १८९४ साली फ्रान्सचे अध्यक्ष कार्नो यांच्यावर लियाँ शहरात सुऱ्याने वार झाला. यकृताकडे रक्त नेणारी मोठी शीर तुटली आणि ती शिवण्याची विद्या कोणाजवळ नसल्यामुळे ते दगावले. त्याच शहरात वैद्यक शिकणाऱ्या आलेक्सी कॅरेल या तरुणाच्या मनाला ही गोष्ट लागून राहिली. बारीक सुई कशी धरावी हे त्याने भरतकाम करणाऱ्या एका स्त्रीकडून शिकून घेतले, आणि १९०२ साली शीर शिवण्याची आपली रीत प्रसिद्ध केली. तोंडाशी तोंड आणलेल्या दोन वाहिन्यांना तीन ठिकाणी टाके घालून ते ताणले की गोल तोंडाचा त्रिकोण होतो, आणि मग त्याची एकेक बाजू सरळ शिवता येते. १९१२ साली त्याला नोबेल पारितोषिक मिळाले. एका भरतकाम करणारीच्या कसबाचा त्यात वाटा होता, हे विसरू नये.

या सांध्यांनाही धोका असतोच. धमनीचा तुकडा गरजेपेक्षा लांब ठेवला तर फुप्फुस फुगल्यावर ती मुडपते. मग फुप्फुसात हवा शिरते, पण रक्त पोचत नाही, आणि श्वास चालू असूनही माणूस गुदमरतो. उलट हृदयाच्या कप्प्याशी केलेला सांधा अरुंद झाला, किंवा तेथे रक्ताची गुठळी धरली, तर रक्त आत येते पण बाहेर पडत नाही, आणि फुप्फुस पाण्याने भरते. मात्र असे प्रसंग क्वचित येतात, आणि वेळेवर ध्यानात आले तर सांधा उकलून पुन्हा करता येतो.

खरी कथा आहे ती हवेच्या सांध्याची. ११ जून १९६३ रोजी अमेरिकेतील मिसिसिपी राज्यात, जॅक्सन येथील विद्यापीठाच्या रुग्णालयात डॉ. जेम्स हार्डी यांनी माणसावरील पहिले फुप्फुसरोपण केले. रोग्याच्या डाव्या फुप्फुसाला कर्करोग झाला होता. तो खुनाच्या गुन्ह्याबद्दल जन्मठेप भोगणारा कैदी होता. तुरुंगातील माणसाने दिलेल्या संमतीचे मोल किती धरावे, हा प्रश्न तेव्हाही होता आणि आजही मिटलेला नाही. नवे फुप्फुस काम करू लागले, परंतु आधीच बिघडलेल्या मूत्रपिंडांनी अठराव्या दिवशी त्याचा बळी घेतला. त्यानंतर जगभर जवळजवळ चाळीस रोग्यांवर हा प्रयोग झाला. त्यांपैकी रुग्णालयाबाहेर पडून काही महिने जगला तो एकच. १९६८ साली बेल्जियममधील गेंट येथे डॉ. देरोम यांनी शस्त्रक्रिया केलेला हा रोगी सुमारे दहा महिने जगला. बाकीच्यांपैकी जे पहिल्या दोन आठवड्यांतून तरले, त्यांतील पुष्कळांचा शेवट एकाच तऱ्हेने झाला. शाखानळीचा सांधा कुजला, टाके सुटले, हवा आणि जंतू छातीच्या पोकळीत पसरले.

असे का व्हावे? शिवणाऱ्याच्या हातात उणे नव्हते. उणे होते ते शरीराच्या रचनेतच. फुप्फुसाला रक्ताचे दोन पुरवठे आहेत. फुप्फुस-धमनीतून येणारे रक्त प्राणवायू घेण्यासाठी येते. शाखानळीच्या भिंतीला मात्र खरा शिधा मिळतो तो महाधमनीपासून निघणाऱ्या एक-दोन मिलिमीटर जाडीच्या चिमुकल्या धमन्यांतून. दात्याचे फुप्फुस काढताना या धमन्या तुटतात आणि नव्या शरीरात त्यांना कोणी जोडीत नाही. हृदय, मूत्रपिंड, यकृत यांच्या रोपणात अवयवाची मुख्य धमनी जोडली की काम भागते. फुप्फुसाच्या बाबतीत मात्र ज्या जागेने भरून यावे अशी आपली अपेक्षा, तिचाच शिधा तोडून तिला शिवले जाते. पुढचे दोन-चार आठवडे, नव्या केशवाहिन्या टाक्यांच्या रेषेवरून पलीकडे रुजेपर्यंत, ती नळी फुप्फुस-धमनीतील प्राणवायूने दरिद्री अशा रक्ताच्या, आणि तेही उलट दिशेने झिरपणाऱ्या, उसनवारीवर जगते. त्यात ती हवेची वाट. प्रत्येक श्वासाबरोबर जंतू आत येतात. शिवाय मज्जातंतूही तुटलेले असल्यामुळे सांध्याखाली कफ साठला तरी रोग्याला खोकल्याची उबळ येत नाही.

१९७८ साली कॅनडातील टोरांटो येथे डॉ. जोएल कूपर यांनी, आगीच्या धुराने फुप्फुसे जळालेल्या व कृत्रिम श्वासयंत्रावर असलेल्या एका रोग्यावर रोपण केले. तिसऱ्या आठवड्यात सांधा सुटला आणि रोगी गेला. कूपर आणि त्यांचे सहकारी दुसरा रोगी शोधीत न बसता प्रयोगशाळेकडे वळले, आणि या साऱ्या कथेत सर्वांत मोलाचा निर्णय तो हाच. त्यांनी कुत्र्याचे फुप्फुस कापून त्याच कुत्र्यात पुन्हा शिवले. परकेपणाचा प्रश्नच अशा रीतीने दूर केल्यावर, नुसती औषधे सांध्याचे काय करतात ते स्वच्छ दिसू लागले. परका अवयव शरीराने झिडकारू नये म्हणून तेव्हा जी स्टेरॉइड औषधे मोठ्या प्रमाणात देत, तीच जखम भरू देत नव्हती. रोगी वाचविण्यासाठी दिलेले औषधच टाके कुजवीत होते! सुदैवाने त्याच सुमारास सायक्लोस्पोरिन हे बुरशीपासून मिळणारे औषध हाती आले होते. ते सांध्याला अपाय करीत नाही असे त्याच पद्धतीने सिद्ध झाले.

दुसरी युक्ती पोटातून आली. आतड्यांवर पदरासारखा एक चरबीचा पडदा असतो; त्याला वपा म्हणतात. पोटात कोठे सूज वा छिद्र झाले की हा पडदा तेथे जाऊन चिकटतो आणि आपल्या रक्तवाहिन्या त्या जागेला देतो, हे शल्यविशारदांना पूर्वीपासून ठाऊक होते. टोरांटोच्या मंडळींनी वपेचा पदर छातीत ओढून सांध्याभोवती गुंडाळला. कुत्र्यांत थोड्याच दिवसांत उपाशी नळीला रक्त मिळू लागले. ७ नोव्हेंबर १९८३ रोजी त्यांनी फुप्फुसे घट्ट होत चाललेल्या अठ्ठावन्न वर्षांच्या एका गृहस्थाचे उजवे फुप्फुस बदलले. सांधा टिकला. ते गृहस्थ घरी गेले, आणि सहा वर्षांहून अधिक जगले.

यानंतरची हकिकत थोडी गमतीची आहे. पुढे अनुभव वाढल्यावर असे दिसले की वपा न गुंडाळताही बहुतेक सांधे भरून येतात, आणि स्टेरॉइड बेताच्या मात्रेत दिल्यास अपाय होत नाही. आज ती प्रारंभापासून सर्रास देतात, आणि वपेची कुणाला फारशी आठवण होत नाही. म्हणून ते श्रम वाया गेले असे मानणे अन्यायाचे होईल. कोणते भय खरे आणि कोणते फाजील, हे रोगी जगू लागल्यावाचून कळणारच नव्हते.

उसनवारीचे गणित किती नेमके आहे याचा पडताळा लवकरच आला. १९८१ साली स्टॅनफर्ड येथे हृदय व दोन्ही फुप्फुसे एकत्र बसविण्यात आली, तेव्हा सांधा वर मुख्य श्वासनळीवर होता, तरी तो भरून आला. कारण हृदयाच्या स्वतःच्या धमन्यांकडून श्वासनळीकडे जाणाऱ्या बारीक वाटा त्या जोडणीत अखंड राहतात. पुढे टोरांटोत हृदय वगळून दोन फुप्फुसे एकसंध बसविली, सांधा त्याच जागी घातला, आणि तो वारंवार कुजू लागला. तेव्हा शतकाच्या नवव्या दशकाअखेर शल्यविशारदांनी दोन्ही बाजू स्वतंत्र शिवण्याची रीत धरली. दात्याची शाखानळी शक्य तितकी आखूड, फुप्फुसाच्या वरच्या खंडाच्या फाट्यापासून एक-दोन कूर्चांच्या कड्या एवढीच राखावयाची, हा नियम झाला. नळी जितकी आखूड, तितका उसना शिधा पुरता पडतो. एक तोंड दुसऱ्यात दुर्बिणीच्या नळ्यांप्रमाणे खुपसण्याचीही पद्धत काही काळ चालली. पण तिने वाट अरुंद होते असे दिसून आल्यावर तोंडाला तोंड लावून शिवणेच बहुतेकांनी पत्करले.

तरीही सांध्याचे दुखणे संपलेले नाही. निरनिराळ्या केंद्रांच्या वृत्तांतांत शेकडा दोनपासून अठरापर्यंत रोग्यांना ते भोगावे लागते. मेलेल्या पेशींवर अ‍ॅस्परजिलस नावाची बुरशी वाढते. कुजका सांधा शेजारच्या फुप्फुस-धमनीला भिडला तर क्षणात प्राणघातक रक्तस्राव होतो. म्हणून या दोहोंमध्ये एखादा जिवंत पडदा ठेवण्याची काळजी घेतात. अधिक वेळा घडते ते संथपणे. कित्येक आठवड्यांनी किंवा महिन्यांनी व्रण आकसतो, वाट बारीक होते, आणि जिना चढताना रोग्याला पुन्हा पूर्वीसारखी धाप लागते. मग घशातून दुर्बीण घालून ती जागा फुग्याने रुंद करावी लागते. ते न टिकल्यास आत सिलिकोनची किंवा धातूची नळी बसवितात. धातूच्या नळीभोवती मांस वाढले की ती काढणे हे एक वेगळेच संकट होऊन बसते.

मग ती चिमुकली धमनीच का शिवू नये? कोपनहेगन येथे गेल्या शतकाच्या अखेरच्या दशकात डॉ. पेटरसन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी छातीच्या पुढच्या भिंतीतली एक धमनी वळवून ती फुप्फुसाबरोबर आलेल्या त्या बारीक धमन्यांना जोडून दाखविली, आणि सांधे चांगले भरून आले. पण त्याने शस्त्रक्रिया लांबते, रक्तस्रावाची भीती वाढते, आणि बर्फात ठेवलेले फुप्फुस वाट पाहत असताना एवढे नाजूक काम करणारे हात थोडे. बहुसंख्य रुग्णालयांत आजही ती धमनी तुटलेलीच राहते, आणि रोगी घरी जाण्यापूर्वी डॉक्टर दुर्बीण घालून टाक्यांच्या रेषेचा रंग गुलाबी आहे की काळवंडला आहे, ते पाहून घेतात.