नाताळचा निवडुंग



फुलझाडांवर बोलायला युनियनची माणसे कशाला, असे कोणाला वाटले असेल. शाळेशी आमची फारकत लवकर झाली. वनस्पतिशास्त्र आम्ही शिकलो ते कचेरीतल्या एका कुंडीपाशी.

कुंडीत नाताळचा निवडुंग होता. त्याला पाने नाहीत. पाने म्हणून दिसतात ती चपट्या खोडाची पेरे. सहा वर्षे आम्ही त्याला खतपाणी घातले, पण कळी धरली नाही. दोष खताचा नव्हता. दुसऱ्या पाळीची माणसे टेकायला येत, म्हणून कचेरीत रात्रभर दिवा जळे. कळी धरायला या झाडाला सुमारे सहा आठवडे रोज बारा-चौदा तास सलग अंधार लागतो. मध्येच उजेड पडला की ती रात्र फुकट. रात्रपाळी काढलेल्यांना हे वेगळे सांगायला नको! (पंधरा अंशांच्या आसपास थंडी असली तर ते रात्रीची लांबी फारशी पाहत नाही, पण तेवढी थंडी आमच्या कचेरीत कुठली?) दिवा घालवावा तर माणसांनी टेकायचे कुठे? अखेर ऑक्टोबरपासून आम्ही रोज संध्याकाळी सहाला कुंडीवर खोके पालथे घालू लागलो आणि सकाळी आठला काढू लागलो. डिसेंबरात गुलाबी फुले आली.

याचे मूळ घर ब्राझील, रिओ दि जानेरोजवळचे डोंगर. तिथे ते झाडांच्या फांद्यांवर आणि कातळावर वाढते. दक्षिण गोलार्धात रात्री मे महिन्याच्या सुमारास लांबलेल्या असतात, म्हणून तिथले लोक त्याला 'मेचे फूल' म्हणतात. नाताळचे नाव उत्तरेकडच्यांनी दिले.

मग ज्याला त्याला रोप हवेसे झाले. दोन-तीन पेरांचा तुकडा पिळून तोडायचा, एक-दोन दिवस सुकवायचा आणि मातीत खोचायचा, एवढेच काम. वीस-बावीस घरांत फुले आली, फळ मात्र एकाही घरात नाही. या घरचे परागकण त्या घरच्या फुलाला लावून पाहिले, तरीही नाही. कारण ती बावीस झाडे नव्हतीच. एकच झाड बावीस कुंड्यांत बसले होते, आणि स्वतःचा पराग ते स्वीकारत नाही. आम्हांला आमच्याच सभांतले एकमताचे ठराव आठवले. रानात परका पराग हमिंगबर्ड पक्षी आणतात; आमच्या गावी तो कोण आणणार?

दोन हिवाळ्यांपूर्वी परगावच्या एका मित्राने पांढऱ्या फुलाची कुंडी आणली. कापसाच्या बोळ्याने पराग लावला. बोराएवढे फळ धरले आणि जवळजवळ वर्षभर झाडावर राहिले. आतल्या काळ्या बारीक बियांतून अकरा रोपे उगवली आहेत. फुलायला त्यांना अजून काही वर्षे लागतील. कोणत्या रंगाची फुले येतील यावर कचेरीत पैजा लागल्या आहेत.