नदीकडे तोंड असलेलं गाव
(स्नेहमेळाव्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळच्या सत्रात केलेल्या भाषणाचा मजकूर)

व्यासपीठावरचे आपले गुरुजन, समोर बसलेल्या आपल्या १९७९ च्या तुकडीतल्या सगळ्या मैत्रिणी आणि मित्र, आणि मागच्या रांगेत चहाची वाट पाहणारे त्यांचे नवरे, बायका, नातवंडं,

संयोजकांनी मला 'आपलं जुनं नांदेड' या विषयावर वीस मिनिटं बोलायला सांगितलंय. मी इतिहासाची प्राध्यापक नाही. लातूरच्या एका शाळेत तीस वर्षं भूगोल शिकवला आणि निवृत्त झाले. त्यामुळे राजे कमी येतील, पाणी जास्त येईल. आणि जुनं नांदेड म्हणजे माझ्या लेखी सगळं शहर नाही. किल्ल्यापासून होळी, गाडीपुरा, चौफाळा, इतवारा करत वजिराबाद आणि नगीना घाटापर्यंतचा नदीकाठचा पट्टा, एवढंच. आपल्यातले निम्मे इथलेच. बाकीचे स्टेशनकडचे, ते स्वतःला त्या काळीही जरा शहाणे समजायचे.

या काठाचं नाव फार जुनं आहे. वाकाटक राजा दुसरा विंध्यशक्ती याचा वाशीम इथे सापडलेला ताम्रपट चौथ्या शतकातला. त्यात 'नांदीकट' नावाच्या विभागाचा उल्लेख आहे, आणि अभ्यासक ते नांदेडच मानतात. नंदीचा तट, नंदिग्राम वगैरे व्युत्पत्त्या आपल्याला प्रार्थनेनंतर ऐकवल्या जायच्या. त्या खऱ्या असोत नसोत, नावातच काठ आहे एवढं मला पुरेसं वाटतं. पुढे मुघलांच्या काळात तेलंगण सुभ्याचा कारभार काही काळ इथून चालायचा. मग निजाम, आणि १७ सप्टेंबर १९४८ नंतर आपण. एवढ्यात राजे संपले.

आता किल्ला. नंदगिरीचा किल्ला आपण सगळ्यांनी पाहिलाय, पण भुईकोट किल्ला नेमका तिथेच का, हे वर्गात कुणी विचारलं नव्हतं. नदी तिथे वळसा घेते, त्यामुळे तीन बाजूंनी पाणी आपोआप मिळतं. खंदक खणायचा खर्च वाचला. आणि पुढे त्याच किल्ल्यात शहराचं पाणीपुरवठा केंद्र आलं. तोफा गेल्या, टाक्या आल्या. मला यात काही विटंबना वाटत नाही. पाण्यासाठीच ती जागा निवडली होती, पाण्याच्याच कामी आली.

किल्ल्यापासून पश्चिमेला घाट सुरू होतात. उर्वशी घाट, नावघाट, बंदाघाट, नगीना घाट, गोवर्धन घाट अशी नावं पोरं एका दमात म्हणायची, पण रस्त्याचा क्रम कुणालाच नीट सांगता यायचा नाही. कारण आपापल्या घराजवळचा घाट तेवढा आपला. नावघाटाचं नाव तर सरळच आहे, तिथून नाव सुटायची. पूल झाल्यावर नाव गेली, नाव राहिलं. गोवर्धन घाटावर स्मशान आहे, तिकडे जाताना आई हात घट्ट धरायची.

बंदाघाटाची गोष्ट मात्र थांबून सांगते, कारण लातूरला माझ्या विद्यार्थ्यांना ती खरी वाटायची नाही. या घाटावर माधोदास नावाचा एक बैरागी मठ करून राहत होता. १७०८ साली गुरू गोविंदसिंहजी इथे आले, दोघांची भेट झाली, आणि तो बैरागी बंदासिंह बहादुर होऊन पंजाबात गेला. पंजाबच्या इतिहासाला वळण देणारा माणूस आपल्या गोदावरीत अंघोळ करून निघाला, हे पंजाबातली लहान पोरं जाणतात. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये गुरुजींनी इथेच देह ठेवला आणि ग्रंथसाहिबांना गुरुपद दिलं. आज दिसतो तो सचखंड हजूर साहिबचा मूळ दरबार महाराजा रणजितसिंहांनी १८३२ ते १८३७ मध्ये बांधून घेतला. लाहोरचा राजा, निजामाचं राज्य, गोदावरीचा काठ. एवढ्या लांबून माणसं आणि पैसा आला.

त्यातली काही माणसं इथेच राहिली. त्यांची पुढची पिढी आपल्या वर्गात होती. तुम्हाला आठवत असेल, आपल्यातले सरदार मित्र मराठीत भांडायचे, घरी दखनी बोलायचे आणि गणितात सगळ्यांसारखेच नापास व्हायचे. अमृतसरहून आलेले यात्रेकरू त्यांना पंजाबीत काही विचारायचे, तेव्हा हे आपल्याकडे बघायचे. नांदेडच्या बोलीत 'हौ' आणि 'नक्को' सगळ्यांच्या तोंडी असतं, त्यात कोण कुठल्या धर्माचा हे कळत नाही. इतवाऱ्यातली उर्दू, होळीतली मराठी, मोंढ्यात आलेल्या आडत्यांची मारवाडी, देगलूर-बिलोलीकडून येणारी तेलुगू. पुण्याला गेल्यावर माझ्या भाषेला लोक हसले, तेव्हा मला कळलं की मी एकाच वेळी चार भाषांत बोलते.

दिवाळीच्या तोंडावर तख्तस्नान असतं. गोदावरीचं पाणी घागरींनी नेऊन तख्त साहिब धुतात, शस्त्रं स्वच्छ करतात. आमच्या घरीही त्याच नदीचं पाणी तांब्यात भरून देवघरात असायचं. होळीच्या दुसऱ्या दिवशी हल्लाबोलची मिरवणूक निघायची, आणि आमच्या गल्लीतल्या बायका माळवदावर चढून बघायच्या. माळवद म्हणजे काय हे नातवंडांना सांगायला हवं. लाकडी तुळया, त्यावर किलच्या आणि वर पांढऱ्या मातीचा जाड थर. उन्हाळ्यात खाली गार, पावसाळ्यात वर गळकं. १९९३ च्या किल्लारी भूकंपात लातूर-उस्मानाबादकडे अशाच जड छपरांनी आणि दगडमातीच्या भिंतींनी माणसं मारली. त्यामुळे जुन्या वाड्यांबद्दल गळा काढणाऱ्यांत मी नसते.

नदीशी आमचा व्यवहार रोजचा होता. मुलगे पाठीला वाळके भोपळे बांधून पोहायला शिकायचे. मुलींना परवानगी नव्हती, आम्ही धुण्याच्या निमित्ताने कंबरभर पाण्यात जायचो. हरतालिकेला महादेवाची पिंड करायला वाळू लागायची. ती कुठून आणायची हा प्रश्नच नव्हता, ओटीत भरून आणायची. उन्हाळ्यात पात्र आटलं की वाळवंटात टरबुजाच्या वाड्या लागायच्या, रात्री तिथे कंदील दिसायचे. मागच्या वर्षी हरतालिकेसाठी माझ्या भावजयीने वाळू बाजारातून आणली, प्लास्टिकच्या पिशवीत. गोदावरीची वाळू ट्रकांनी कुठे कुठे गेली ते सांगायला नको. आपल्यातल्या बिल्डर मित्रांनी खाली बघू नये, पुण्यातल्या माझ्या फ्लॅटच्या भिंतीतही ती असेल.

भूगोलाची बाई म्हणून एक गोष्ट समजावून सांगते. आपण नदी म्हणतो ते आता दोन वेगळे तुकडे आहेत. वर असर्जनजवळ विष्णुपुरीचा बंधारा आहे, शंकरराव चव्हाणांच्या नावाचा प्रकल्प. तिथून पाणी उचलून शेतीला जातं आणि शहरालाही पिण्यासाठी मिळतं. मोठं काम आहे, त्यावर ऊस-केळी उभी राहिली. पण बंधाऱ्याच्या खाली, म्हणजे नेमक्या आपल्या घाटांसमोर, पावसाळा संपला की वरून येणारं पाणी जवळजवळ थांबतं. मग पात्रात उरतं काय? गावातल्या नाल्यांतून येतं ते. म्हणजे शहर नदीचं पाणी वरून पितं आणि खाली परत करतं ते असं. जलपर्णी त्याच्यावर पोसते. परवा सकाळी मी नगीना घाटावर उभी होते. घाटाचे दगड स्वच्छ, दिवे छान, बाकं नवीन, आणि पाण्याचा वास असा की दोन मिनिटांत पदर नाकाला लावला.

२००८ चं गुरुतागद्दीचं त्रिशताब्दी वर्ष आपल्या शहराला फार देऊन गेलं, हे मान्य करायलाच हवं. विमानतळ झाला, रस्ते रुंद झाले, घाट बांधले गेले, गुरुद्वाऱ्याभोवतीचा परिसर मोकळा झाला. त्याच्या आधी त्या बोळांतून दोन रिक्षा समोरासमोर आल्या की वाहतूक पोलिसाची गरज लागायची. पण रुंदीकरणात शेकडो घरं आणि दुकानं हलली. आमच्या वाड्याचा पुढचा सोपा आणि ढाळज गेली, मोबदला मिळायला फार हेलपाटे घालावे लागले. तिथली शेजारणी आता शहराच्या चार टोकांना राहतात. रस्ता हवा होता आणि शेजारही हवा होता, दोन्ही खरं आहे. आजही बंदाघाटावर दिवाळी पहाटेचा कार्यक्रम होतो, तेव्हा त्यांच्यातल्या चार-सहा जणी भेटतात. गाणी होईपर्यंत पाण्याकडे कुणी बघत नाही, अंधार असतो.

पूर मात्र अजून कुणाला विसरता येत नाही. वर जायकवाडी भरलं, पूर्णेवरचं येलदरी-सिद्धेश्वर भरलं, की दोन्हीकडचं पाणी आपल्याकडे येतं. आसना फुगलेली असते. खाली पोचमपाडचं धरण भरलेलं असलं तर पाणी पुढे सरकायला वेळ लागतो. मग विष्णुपुरीचे दरवाजे उघडतात आणि नावघाटाच्या पुलाला पाणी टेकलं का, असे फोन सुरू होतात. पूर्वी आमची आजी घाटाच्या पायऱ्या मोजायची. "सातवी बुडाली, आता धान्य वर चढवा" असं ती म्हणायची, आणि तसंच व्हायचं. आता मोबाइलवर विसर्गाचे क्युसेक येतात. ते वाचून आमच्या गल्लीत धान्य कधी वर चढवायचं हे कुणालाच कळत नाही.

मी लातूरला राहिले म्हणून मला हे जास्त लागतं. लातूर हे नदीशिवाय वाढलेलं शहर. ते गंजगोलाईभोवती वाढलं, सोळा रस्ते एका गोलात येऊन मिळतात, मधोमध बाजार. बाजारानं गाव उभं करता येतं हे लातूरनं दाखवलं, आणि शिकवण्यांनीसुद्धा. पण पाण्यासाठी ते लांबच्या मांजरा धरणावर अवलंबून. २०१६ च्या उन्हाळ्यात धरण कोरडं पडलं. १२ एप्रिलला मिरजेहून पहिली पाण्याची रेल्वे आली, दहा वाघिणींत पाच लाख लिटर पाणी घेऊन. पुढे पन्नास वाघिणींची गाडी येऊ लागली. आमच्या गल्लीत टँकर आठ दिवसांनी यायचा. माणशी किती घागरी हे ठरलेलं. पाण्याच्या टाक्यांजवळ जमावबंदी लावावी लागली होती. मी तेव्हा रांगेत उभी राहून हिशेब करायची, की आपल्या घाटापासून लातूर दीडशे किलोमीटरच्या आत आहे. ज्या गावाजवळ नदी आहे त्यानं ती नाल्यासारखी वापरावी, आणि ज्याच्याजवळ नाही त्यानं रेल्वेची वाट बघावी. माझ्या लातूरच्या शेजाऱ्यांना मी नांदेडची आहे सांगितलं की ते म्हणायचे, "मग तुम्हाला काय, गंगा आहे." हौ, गंगा आहे. आपण गोदावरीला गंगाच म्हणतो.

आपल्या तरुणपणी इथे नरहर कुरुंदकर होते. पीपल्स कॉलेजचे प्राचार्य. १० फेब्रुवारी १९८२ ला ते गेले, तेव्हा आपण नुकतेच कॉलेजात होतो. त्यांचं जे काही ऐकलं त्यातला एक गुण माझ्या लक्षात राहिला. श्रद्धेच्या विषयावरही ते पुरावा मागायचे, आणि मागताना समोरच्याचा अपमान करायचे नाहीत. नदीबद्दल बोलताना हाच सूर मला हवा आहे. ती पवित्र आहे म्हणून तिच्यात काहीही टाकलं तरी चालतं, असं म्हणणारा माणूस वाईट नसतो. त्याला फक्त नाला कुठे मिळतो ते नेऊन दाखवावं लागतं.

म्हणून या तुकडीकडून मला एक काम करून घ्यायचंय. निधी नको, फलक नको, माझा फोटो तर मुळीच नको. आपल्यातले सोळा जण अजून या काठावर राहतात, मी काल मोजले. प्रत्येकाच्या घरात कुणीतरी ऐंशीच्या पुढचं माणूस आहे. कुठल्या पुरात पाणी कुठवर आलं, कुठल्या दारापर्यंत, कुठल्या पायरीपर्यंत, हे त्यांच्याकडून लिहून घ्यायचं, साल आठवत असेल तर साल. आणि किल्ल्यापासून गोवर्धन घाटापर्यंत किती नाले नदीत उतरतात, ते पायी चालत जाऊन मोजायचे. भूगोलाची सहल समजा. शाळेच्या सध्याच्या नववीच्या मुलांनाही बरोबर घ्यायचं, मुख्याध्यापकांनी हो म्हटलंय.

उद्या रविवार आहे. सकाळी सहा वाजता नावघाटावर या. गुडघे दुखणाऱ्यांनी काठी आणावी, बाकीच्यांनी वही. चहा गाडीपुऱ्यात माझ्या भावाकडे, त्यानंतर ज्यांना लंगरला जायचं त्यांनी जावं. आता खरंच चहा आलाय.