आवाजाची कात्री

आमच्या नायगांवच्या बाजारांत डोळे मिटून उभे राहा. एवढ्या गलबल्यांतूनहि ओळखीचा आवाज कान अचूक निवडतो. ध्वनियंत्राला ही निवड साधत नाहीं. तें सारेंच टिपतें. पुढची काटछांट ध्वनिसंकलकाची.

मराठी बोलपटांत या कामाची वाट पाडणाऱ्यांत विष्णुपंत दामले अग्रभागीं. बाबूराव पेंटरांच्या हाताखालीं तयार झालेल्या या कारागिरानें 'प्रभात'चा ध्वनिविभाग सांभाळला. बोलपटाच्या प्रतीवर ध्वनीची रेघ फितीच्या कडेला, आपल्या चित्राच्या सुमारें २० चौकटी पुढें छापलेली असे. सेकंदाला धांवत २४. त्यामुळें प्रतींतील चित्र जेथें कापावें तेथें ध्वनि दुसऱ्याच क्षणाचा तुटे! म्हणून दोन्ही फिती वेगळ्या ठेवूनच कापाव्या लागत.

पण खरी कसोटी कापण्यापेक्षां गाळण्याची. १९३७ च्या 'कुंकू'त पार्श्वसंगीत मुळींच नाहीं. जरठाच्या गळ्यांत बांधलेल्या नीरेची घुसमट घरांतल्या साध्या आवाजांतूनच ऐकूं येते. वाद्यें वाजवून प्रसंग सांवरणें सोपें. शांततेवर विसंबायला छाती लागते.

दामले १९४५ सालीं गेले. 'प्रभात'च्या पुण्यांतील आवारांत १९६० सालीं चित्रपट-शिक्षणसंस्था उभी राहिली. तेथें ध्वनि शिकून बाहेर पडलेल्यांचीं नांवें पडद्यावर येतात, तेव्हां आपण मात्र अंधारांत चपला चांचपीत असतों.