विलंब माफी आणि क्षमापना

(सुवर्ण महोत्सवी समारंभात केलेले भाषण)



मी कापडाचा व्यापारी. मीटर-गजापलीकडे बोलण्याचा माझा अधिकार तो किती! तथापि विश्वस्त या नात्याने एक अनुभव पदरी पडला, तो आपणांपुढे ठेवतो.

महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, 1950 च्या कलम 22 नुसार विश्वस्त बदलल्यास 90 दिवसांत बदल अर्ज दाखल करावा लागतो. आमचे एक ज्येष्ठ विश्वस्त निवर्तले आणि अर्जास 23 दिवस उशीर झाला. दोष सर्वस्वी आमचाच. बुलढाण्यास वकीलसाहेबांना मी म्हणालो, ''सरळ लिहू या, चुकलो, माफी असावी.'' ते हसले. ''शेठजी, चुकलो म्हणाल तर माफी कशी मिळेल? पुरेसे कारण लिहा, आणि तेही प्रतिज्ञापत्रावर.''

म्हणजे चूक कबूल करणाऱ्यास माफी नाही. आपली चूकच नव्हती हे जो सिद्ध करील, त्यालाच ती मिळणार! शिवाय 2017 च्या दुरुस्तीनुसार विलंब माफ करताना खर्चही भरावा लागतो. कायद्याची माफी माणसाला नसतेच, ती दिवसांना असते.

एकेका दिवसाच्या विलंबाचा खुलासा मागण्याची जुनी न्यायालयीन प्रथा आहे. अवघ्या चार दिवसांच्या उशिराचे एक प्रकरण 1987 साली सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले होते. तेव्हा न्यायमूर्तींनीच विचारले, की मग प्रत्येक तासाचा, प्रत्येक सेकंदाचा खुलासा का मागू नये?

मुदत आपल्या शास्त्रांतही आहे, हे विसरून चालणार नाही. संज्वलन कषाय पंधरा दिवसांचा, प्रत्याख्यानावरण चार महिन्यांचा, अप्रत्याख्यानावरण वर्षाचा, त्यापुढे अनंतानुबंधी. उधारीच्या वहीसारखाच हा हिशेब आहे. फरक इतकाच, की येथे मुदत अर्जदाराला नाही, राग धरून बसणाऱ्याला आहे. आणि 'मिच्छामि दुक्कडं' म्हणताना कारण कोणी विचारत नाही.

पण आपणही कारकुनी कमी करीत नाही. क्षमापनेची छापील पत्रे मी दरवर्षी तीनशे पाठवीत असे. पत्ते लिहायला दुकानातला मुलगा. आता तर मोबाईलवर एका बोटात गावभर क्षमा मागून होते! त्या तीनशे पत्त्यांत माझ्या चुलत भावाचा पत्ता नव्हता. दोन दुकानांमधल्या एका भिंतीवरून आमचे बोलणे अकरा वर्षे बंद होते, आणि त्याच्याशिवाय मी त्या वर्षी कोणाचे काहीच बिघडवले नव्हते.

विलंब माफीच्या प्रतिज्ञापत्रावर सही करताना हा हिशेब मनात आला. 23 दिवसांसाठी मी चार पाने कारणे लिहिली होती. अकरा वर्षांसाठी एकही सुचेना.

त्या वर्षी संवत्सरीच्या दुसऱ्या दिवशी, पारणे आटोपून, मी त्याच्या दुकानाची पायरी चढलो. वाक्य पाठ करून गेलो होतो, ते अर्ध्यावरच अडले. तो गादीवर थोडा सरकला आणि म्हणाला, ''बसा भाईसाहेब, चहा सांगतो.''